दोनदा बांधलेली चौकी

नांदेडात मला अजून पेंटर म्हणतात. सतरा-अठरा वर्षांचा असताना मी टॉकीजचे बोर्ड रंगवायचो, तेव्हा ते नाव चिकटलं. वडील पाटबंधारे खात्यात कारकून होते. आपला मुलगा ब्रश घेऊन शिडीवर चढतो याची त्यांना इतकी लाज वाटायची की टॉकीजचा रस्ता टाळून ते लांबच्या वाटेनं ऑफिसला जात. पुढं मी मुंबईला गेलो आणि वीस वर्षं सिनेमाच्या पडद्यामागं काढली. सेटच्या भिंती रंगवता रंगवता साचे काढायला शिकलो. साच्यांवरून मेकअपला लागलो, कारण खोटा दगड आणि खोटं नाक करायची रीत तशी एकच. एका स्टुडिओत पावलांचे, दारांचे, भांड्यांचे आवाज काढून देणारा माणूस आजारी पडला म्हणून दोन दिवस त्याच्या जागी उभा राहिलो आणि तिथं चार वर्षं गेली. तुमचं नेमकं काम काय, असं कुणी विचारलं की मला सांगता यायचं नाही. मग बायको सांगायची, "ह्यांना खोट्याचं खरं करता येतं."

बायको नांदेडच्या शाळेत शिक्षिका. ती मुंबईला आली नाही, शेवटी मीच परत आलो. परतल्यावर दुसऱ्या की तिसऱ्या वर्षी तो आमच्या घरी आला. लातूरचा, वकिलाचा मुलगा, माझ्याहून पंधरा वर्षांनी लहान. पहिलाच सिनेमा दिग्दर्शित करणार होता. निजामाच्या राज्याच्या सरहद्दीवर करोडगिरीच्या चौक्या असायच्या, म्हणजे जकात घ्यायचे नाके. तशा एका चौकीतला म्हातारा कारकून आणि रोज सरहद्द ओलांडणारी माणसं, अशी त्याची गोष्ट होती. गोष्ट चांगली होती, हे मी आजही म्हणतो.

"काका, अख्खा मराठवाडा पालथा घातला," तो म्हणाला. "एक चौकी धड उभी नाही. कुठं नुसता चौथरा राहिलाय, कुठं लोकांनी दुकानं काढलीत."

"मग बांधू."

"दगडी दिसेल?"

"हात लावून बघितलंस तरी दगडीच वाटेल."

तो उठला आणि माझ्या पाया पडला. बायकोनं त्याला पोहे करून दिले. जाताना तो तिला म्हणाला, "काकू, ह्या सिनेमात पहिलं नाव माझं आणि दुसरं काकांचं."

मी देगलूरहून मिस्त्रीला बोलावून घेतलं. तो सुतार. मुंबईत दहा वर्षं आम्ही एकाच खोलीत राहिलो होतो. वयानं तो माझ्याहून मोठा. चिडला की तेलुगूत बोलायचा, एरवी आपली देगलूरची मराठी. उमरीहून भोकरला जाताना रस्त्यापासून जरा आत, पळसाच्या माळावर आम्ही जागा धरली आणि कामाला लागलो.

चाळीस दिवस लागले. आत लाकडी सांगाडा, वर प्लाय, प्लायवर गोणपाट आणि त्यावर प्लास्टर. दगडांसाठी मी गोदावरीच्या घाटावर जाऊन जुन्या पायऱ्यांचे रबराचे साचे काढून आणले. म्हणजे त्या चौकीच्या भिंतीवरचा एकेक दगड नांदेडच्या घाटाचा होता. शेकडो वर्षं माणसं ज्यावरून चालली तो झिजलेला दगड, नुसता उभा केलेला. वरून काव, काजळी, शेणाचं पाणी, चहाचं पाणी. खिडकीखाली पावसाचे ओघळ काढले. दाराशेजारी जिथं शिपाई टेकून उभा राहत असेल तिथं खांद्याच्या उंचीवर तेलकट डाग पाडला. हे कुणी सांगितलं नव्हतं. ते माझं मलाच सुचलं, आणि त्या डागाचा मला आजही अभिमान आहे.

दाराची कमान करताना मिस्त्रीचा हात मशीनखाली गेला. उजव्या हाताच्या दोन बोटांची टोकं गेली. भोकरच्या दवाखान्यात टाके घालून तो तिसऱ्या दिवशी परत आला आणि डाव्या हातानं माप घ्यायला लागला. मी ओरडलो त्याच्यावर.

"कमान अर्धी सोडून जाऊ का?" तो म्हणाला. "उगं बोलू नको पेंटर. फूटपट्टी धर."

शूटिंग झालं. त्या सिनेमात मी चार कामं केली. चौकी बांधली. तिशीतल्या नटाला रोज तीन तास बसवून सत्तरीचा कारकून केला. पुढं आवाजही मीच दिले. नाक्याची आडवी दांडी वर जाताना जो करकर आवाज येतो, तो आमच्या बायकोच्या शाळेच्या रिकाम्या वर्गात रविवारी रहाटाच्या चाकावर ओलं फडकं ओढून काढलेला आहे. शिवाय सरकारी पाट्या, वह्या, शिक्के, मोडी अक्षरातल्या पावत्या, सगळं माझ्या हातचं. दिग्दर्शकाचा हुकूम होता की सेटवर कुणालाही मोबाइल आणू द्यायचे नाहीत, दारातच गोळा करायचे, कारण गोष्ट फुटायला नको. शूटिंग संपल्यावर दुसऱ्याच दिवशी त्यानं चौकी उतरवून जाळायला लावली. जमीनमालकाला रान मोकळं हवंय म्हणाला. सेट उतरतातच, त्यामुळं तेव्हा मला त्यात काही वावगं वाटलं नाही.

सिनेमाचा पहिला खेळ लातूरला होता. लातूर बायकोचं माहेर. तिनं ठेवणीतली पैठणी काढली, भावाला, वहिनीला, दोन मावश्यांना पास मिळवून दिले. आम्ही पुढून सहाव्या रांगेत बसलो. सुरुवातीला नावं यायला लागली तशी बायकोनं माझ्या हातावर हात ठेवला. कला दिग्दर्शन म्हणून कुणाचंच नाव आलं नाही. मेकअपला एका मुंबईच्या बाईंचं आलं, त्या दोन दिवस येऊन गेल्या होत्या. आवाजाला स्टुडिओचं. सिनेमा संपला, लोक उभे राहून टाळ्या वाजवत होते आणि पडद्यावर आभाराची यादी वर सरकत होती. त्यात माझं नाव दिसलं. चहा पुरवणारा आणि ट्रॅक्टरवाला यांच्या मधोमध. आडनाव चुकलेलं.

परतताना अहमदपूर मागं पडल्यावर बायको म्हणाली, "मावशी विचारत होती, जावईबापूंचं नाव कुठं होतं?"

"तू काय सांगितलंस?"

"डोळ्यात कचरा गेला होता म्हटलं, मलाही दिसलं नाही."

चुकून राहिलं असेल, असं मी आठ दिवस मनाला समजावत होतो. मग टीव्हीवर त्याची मुलाखत लागली. मुलाखत घेणारी मुलगी विचारत होती, ती चौकी तुम्हाला कुठं मिळाली? तो खुर्चीत मागं रेलला. म्हणाला, "अकरा महिने मी मराठवाड्यात भटकलो. एके दिवशी भोकरच्या माळावर ती अचानक समोर उभी राहिली. मी तिथंच खाली बसलो आणि रडलो. आम्ही तिच्या एका दगडालाही हात लावला नाही."

मी त्याला तिथल्या तिथं फोन केला.

"काका, तुम्ही समजून घ्या," तो म्हणाला. "सेट म्हटला की लोकांना सगळंच खोटं वाटायला लागतं. तुमचं काम इतकं अस्सल झालंय की कुणाला संशय येत नाही. ह्यापेक्षा मोठी पावती काय असते?"

"आणि नाव?"

"नाव टाकलं तर लोक विचारणार ना, जुन्या चौकीत कला दिग्दर्शकानं काय केलं म्हणून."

"मिस्त्रीची बोटं गेलीत रे."

"त्याचं मला वाईट वाटतं काका. खरंच वाटतं."

सिनेमाला बक्षिसं मिळाली. प्रत्येक ठिकाणी त्यानं ती माळावरची कहाणी सांगितली आणि दर वेळी ती थोडी वाढत गेली. पुढंपुढं त्यात एक म्हातारी आली, जिनं त्याला चौकीची वाट दाखवली होती. लोक चौकी बघायला निघाले तेव्हा तो म्हणाला, नेमकी जागा सांगणार नाही, लोक नासधूस करतील. मी दोन-तीन जणांना खरं सांगून पाहिलं. ते ऐकून घ्यायचे आणि माझ्याकडं अशा नजरेनं बघायचे की मी पुढं सांगणं सोडून दिलं. माझ्याकडं एकही फोटो नव्हता. नटांना आणि सेटवरच्या माणसांना त्याच्याकडूनच पुढची कामं हवी होती, ती कशाला बोलतील. त्या माळाजवळच्या गावातल्या लोकांना सगळं ठाऊक होतं, पण त्यांना कोण विचारायला जाणार?

मी सोसलं असतं. पडद्यामागच्या माणसाला सवय असते. पण मिस्त्रीचं तसं नव्हतं. त्याला एकच मुलगी, देगलूरलाच दिलेली. तिचे सासरे निवृत्त हेडमास्तर, गावात शब्दाला वजन असलेला माणूस. टीव्हीवर सिनेमा लागला तेव्हा मिस्त्री व्याह्यांकडं बसला होता. चौकी दिसली तसा तो म्हणाला, ही म्या बांधली. हेडमास्तर हसले. म्हणाले, व्याही, तो दिग्दर्शक स्वतः सांगतो की ती निजामाच्या काळातली आहे. मिस्त्रीनं बोटं दाखवली. ते म्हणाले, कामात कुणाचीही बोटं जातात.

तो दुसऱ्या दिवशी एसटीनं नांदेडला आला. पाणीही न घेता बोलायला लागला.

"पेंटर, तू सांग त्यांना. माझी लेक त्या घरात राहायली. तिच्यासमोर मला लबाड म्हणले."

मी लगेच फोन लावला. हेडमास्तर फार सभ्यपणे बोलले. "तुम्ही दोघं जुने मित्र. मित्राची बाजू घेणारच. मी समजू शकतो." फोन ठेवल्यावर मिस्त्री आपल्या हाताकडं बघत बसला. "ही बोटं बी खोटी हायत का?" तो म्हणाला. त्यानंतर त्यानं लेकीच्या घरी जाणं कमी केलं, आणि मग बंदच केलं. ती भेटायची ती बाजारात, नाहीतर देवळात.

दोन वर्षांनी तो गेला. सकाळी अंघोळ करून चहाला बसला आणि तिथंच आडवा झाला. मी तेराव्याला देगलूरला गेलो. पंगतीत माझ्या शेजारी हेडमास्तर बसले होते. वाढणाऱ्याला "वरण थोडं" म्हणून झाल्यावर ते मला म्हणाले, "माणूस सोन्यासारखा होता. फक्त जरा बढाया मारायचा." समोर त्याची मुलगी पोळ्या वाढत होती. तिनं ऐकलं. ती पोळ्या वाढत पुढं गेली आणि आमच्या रांगेत परत आली नाही.

त्या पंगतीत मी पुढं जेवलो नाही. मी हेडमास्तरांवर चिडलो नाही. त्यांना जे सांगितलं गेलं ते त्यांनी मानलं होतं. मी लातूरच्या त्या माणसाचा चेहरा डोळ्यांपुढं आणला आणि ठरवलं की ह्याला मी सोडणार नाही. कसं ते माहीत नव्हतं. पुढची तीन वर्षं मी सकाळी उठलो की पहिला विचार त्याचा यायचा. त्याची प्रत्येक मुलाखत मी ऐकायचो. बायको म्हणायची, "बंद करा तो टीव्ही, तुमचं रक्त आटतंय." मी आवाज कमी करायचो, बंद करत नसे.

आणि एका दुपारी तो आपण होऊन माझ्या दारात उभा राहिला.

गाडी बाहेर लावली होती. दाढीत पांढरे केस आले होते. पेढे आणले होते. बायकोनं पाणी दिलं आणि ती आत जाऊन बसली, बाहेर आली नाही. त्याचं असं झालं होतं की मुंबईची एक मोठी निर्मिती कंपनी त्याच चौकीवर आठ भागांची मालिका करणार होती. दिग्दर्शक तोच. पण त्यांचा आग्रह होता की जुन्या खऱ्या चौकीतच शूटिंग करायचं आणि करार करण्याआधी आम्हाला ती दाखवा. दोनदा त्यानं काही ना काही कारण सांगून त्यांना थांबवलं होतं. आता कंपनीच्या मालकीण बाई स्वतः यायच्या होत्या, दीड महिन्यात.

"काका, मी अडकलोय," तो म्हणाला. "तुमच्याशिवाय हे कुणालाच जमणार नाही. तीच चौकी, त्याच जागी. आणि कुणाला कळता कामा नये."

मी त्याला बराच वेळ तसंच बसवून ठेवलं. त्याला घाम फुटला होता, ते मला आवडलं. आधी मनात आलं, सरळ म्हणावं, बाबा रे, ती तर तुला सापडली होती, मी कशी बांधू? तेवढंच बोलून दार लावलं असतं तर तो तिथंच संपला असता. पण तसं त्याच्या एकट्याचं तोंड बंद झालं असतं. मिस्त्रीबद्दल कुणाला कळलं असतं?

"बांधतो," मी म्हणालो.

तो पुन्हा पाया पडला. तो गेल्यावर बायको बाहेर आली. "बांधणार?"

"हाव."

ती माझ्याकडं नीट बघत राहिली. "तुमच्या मनात काहीतरी आहे. मला सांगू नका. मला शाळेत मुलांसमोर उभं राहायचं असतं."

मी नांदेडचे दोन जुने बोर्ड पेंटर आणि हदगावचा एक सुतार घेतला. त्या सगळ्यांनी मिस्त्रीबरोबर कधी ना कधी काम केलं होतं. घाटाचे साचे माझ्याकडं होतेच. दीड महिना मी त्या माळावर रोज गेलो. पहिल्या वेळेपेक्षाही चौकी चांगली झाली. सूड मनात ठेवून इतकं चांगलं काम होतं हे मला माहीत नव्हतं. कमान मी स्वतः केली आणि ती मिस्त्रीच्या कमानीइतकी जमली नाही, हेही सांगून टाकतो. फक्त मागची भिंत मी निराळी बांधली. सेटवर कॅमेरा घुसवायला एखादी भिंत काढता यावी अशी ठेवतात, तशी ती चार तुकड्यांची, बाहेरून स्क्रूनं बसवलेली. समोरून बघणाऱ्याला काही कळत नव्हतं.

मुंबईची माणसं यायच्या आदल्या दिवशी तो दुपारी बघायला आला. चारी बाजूंनी फिरला. मागच्या भिंतीवरून हात फिरवला. त्याचे डोळे भरून आले.

"काका, तुम्ही मला पुन्हा जन्म दिलात."

"उद्या दहाला ये," मी म्हणालो. "सगळं तयार असेल." मी त्याच्याशी दीड महिना खोटं वागलो होतो आणि ते मला मुळीच जड गेलं नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी सातला आम्ही चौघांनी मागच्या भिंतीचे चारही तुकडे काढले आणि पळसाच्या झाडामागं नेऊन टाकले. पुढचं दार आणि खिडकी लावून घेतली. आता मागून चौकी उघडी होती. आडव्या-उभ्या लाकडी पट्ट्या, खिळे, गोणपाटाच्या कडा, समोरच्या भिंतीच्या प्लायवर कंपनीचे निळे शिक्के. त्या प्लायवर मी टॉकीजच्या बोर्डावर लिहायचो तसं लाल अक्षरात, पिवळी सावली देऊन, हातभर उंचीचं लिहिलं की ही चौकी पहिल्यांदा कुणी बांधली. मिस्त्रीचं पूर्ण नाव, वडिलांच्या नावासकट, मुक्काम देगलूर. खाली, दुसऱ्यांदा कुणी बांधली, ते माझं. आडनाव बरोबर.

साडेनऊला देगलूरची जीप आली. मिस्त्रीची मुलगी, तिचा नवरा आणि हेडमास्तर. मी त्यांना एवढंच सांगितलं होतं की मिस्त्रीच्या आठवणीचा एक छोटा कार्यक्रम आहे. मी त्यांना चौकीच्या पुढच्या बाजूला झाडाखाली खुर्च्या दिल्या. दहाला दोन गाड्या आल्या. एकीतून तो, कंपनीच्या बाई आणि त्यांचे दोन सहकारी उतरले. दुसरीतून लातूरचे दोन पत्रकार, कॅमेऱ्यासकट. त्यांना त्यानंच बोलावलं होतं. मी नव्हतं.

तो चौकीसमोर उभा राहून सांगायला लागला. म्हातारी, माळ, अकरा महिने. भिंतीवर तळहात टेकवून त्यानं डोळे मिटले. बाई भारावून ऐकत होत्या. मी त्याचं सगळं बोलून होऊ दिलं. मग पुढं झालो.

"बाई, जरा मागून बघा. मागची बाजू जास्त बघण्यासारखी आहे."

त्यानं माझ्याकडं चमकून बघितलं, पण बाई निघाल्या होत्या. पत्रकार त्यांच्या मागं. मी झाडाखाली हाक मारली, "ताई, तुम्ही पण या."

मागं गेल्यावर बाईंनी प्लायवर बोटानं टकटक केली.

"हा सेट आहे?"

"ही डागडुजी आहे," तो घाईघाईनं म्हणाला. "मूळ भिंत पडायला आली होती म्हणून आधार..."

"मूळ भिंत कधीच नव्हती," मी म्हणालो. "दहा वर्षांपूर्वी इथंच मी आणि ह्या ताईंच्या वडिलांनी ही चौकी बांधली. ह्यानं ती जाळली. आता मी परत बांधली, ह्याच्याच सांगण्यावरून. गावात कुणालाही विचारा."

बाई हसल्या, आणि मला वाटलं सगळं फसलं. त्या म्हणाल्या, "अहो, मग सेटच आहे म्हणायचं की. आमचं काम सोपं झालं, हे मुंबईतही बांधता येईल." त्याच्या चेहऱ्यावर रंग परत यायला लागला. पण त्या त्याच्याकडं वळल्या आणि त्याच हसऱ्या आवाजात म्हणाल्या, "फक्त एक सांगा. ती म्हातारी होती का?"

कॅमेरा चालू होता. त्यानं तोंड उघडलं, मिटलं आणि खाली बघितलं.

मिस्त्रीची मुलगी त्या अक्षरांपाशी उभी होती. वडिलांच्या नावावरून तिनं बोट फिरवलं. कडेचा रंग ओला होता, तिचं बोट लाल झालं. हेडमास्तरांनी चष्मा काढून पुसला आणि पुन्हा वाचलं.

"म्हणजे व्याही खरं बोलत होते," ते म्हणाले. मग सगळ्यांदेखत सुनेकडं वळले. "सूनबाई, माझं चुकलं."

तिनं मान हलवली. "मला नका सांगू," ती म्हणाली. "ते वाट बघून बघून गेले."

बाकीचे गाड्यांकडं गेल्यावर तो माझ्याजवळ आला. रडेल की मारेल ते कळत नव्हतं.

"काका, ह्यातून तुम्हाला काय मिळालं?"

"मला काही मिळवायचं नव्हतं. तुझ्याकडं जे होतं ते काढून घ्यायचं होतं."

"मी तुमच्या घरी आलो होतो. विश्वासानं."

"मिस्त्री पण तुझ्या सेटवर विश्वासानंच आला होता," मी म्हणालो आणि स्क्रू गोळा करायला वळलो.

संध्याकाळपर्यंत तो व्हिडिओ नांदेड-लातूरच्या घराघरांत पोचला. महिन्याभरानं कळलं की मालिका होणार आहे, पण दिग्दर्शक दुसरा. लातूरच्या एका कॉलेजात त्याचा सत्कार ठरला होता, तो पुढं ढकलला आणि मग झालाच नाही. मला आनंद झाला. इतक्या वर्षांत पहिल्यांदा मी सकाळी उठलो आणि माझ्या डोक्यात तो नव्हता. चौकीचा तो नावाचा तुकडा मिस्त्रीच्या मुलीनं मागून घेतला. टेम्पोत घालून देगलूरला नेला. हेडमास्तरांनी तो ओसरीत लावायला लावला, असं ऐकलं. मी बघायला गेलेलो नाही.

बायकोनं व्हिडिओ दोनदा बघितला. दुसऱ्यांदा बघून झाल्यावर मोबाइल माझ्यापुढं धरला आणि एके ठिकाणी थांबवला. "हे बघा. त्याचा चेहरा उतरला तेव्हा तुम्ही हसताय."

मी बघितलं. हसत होतो. असा हसताना मी स्वतःला कधी पाहिलं नव्हतं.

"मिस्त्रीभावजींसाठी केलंत ते बरंच केलंत," ती म्हणाली. "पण हे तुमचं तुमच्यासाठी होतं."

मी नाही म्हणालो नाही. आणि ते पुसून टाकावं असंही मला वाटलं नाही.

गेल्या उन्हाळ्यात तिच्या भाच्याचं लग्न लातूरला होतं. जेवणाच्या मांडवात तो दिसला. वजन कमी झालं होतं. आता तो जाहिरातीची छोटी कामं करतो म्हणे. लोक त्याच्याशी बोलत होते, पण कुणी थांबत नव्हतं. मी त्याला बघितलं तसं त्यानंही मला बघितलं, आणि तो सगळा मांडव ओलांडून माझ्याकडं आला. बायकोच्या मावश्या, भाऊ, सगळे बघत होते. तो माझ्या पायांशी वाकला.

मी पाय मागं घेतले.

तो तसाच वाकलेला राहिला. मग सरळ झाला, बायकोला "काकू, येतो" म्हणाला आणि निघून गेला. बायकोनं माझ्याकडं बघितलं नाही. तिनं मावशीचं ताट भरून आणलं, मग माझं, आणि माझ्या शेजारी न बसता मावशीजवळ जाऊन बसली. मी एकटाच जेवलो. जेवण चांगलं होतं, आणि मी पोटभर जेवलो.